निशाणी सत्तेचाळीस

पुरसिस एका पानाची.
सहा वर्षांची फाइल सुतळीनं बांधून
हत्तुरे वकिलांचा कारकून काखेत धरून उभा,
आणि हे एक पान वेगळं, प्लॅस्टिकच्या पिशवीत,
घडी पडू नये म्हणून.

"मी, वादी, किष्टय्या राजमल्लू गुर्रम, वय एकसष्ट,
धंदा टॉवेल कारखाना..."
इथं मी थांबलो.
म्हटलं, धंदा आता नाही, वकीलसाहेब.
ते म्हणाले, दाव्यात जे आहे तेच लिहावं लागतं.
म्हणून कागदावर अजून मी कारखानदार.
बारा माग किलोवर गेले श्रावणात,
नीलम नगरच्या शेडमध्ये
तेलाचे बारा डाग जमिनीला.

बँकेची अट साधी होती:
आधी दावा काढा, मग एकरकमी घेऊ,
मग घराचे कागद परत.
माझं म्हणणंही साधंच होतं.
एकतीस मार्चला चार वाजता भरलेले पैसे
दोन एप्रिलला जमा कसे?
त्या दोन रात्रींत खातं थकीत झालं,
आणि दंडव्याजाला पाय फुटले.
पान नऊ, परिच्छेद चौदा.
सहा वर्षांत तिथवर कुणी पोचलंच नाही.
कधी वकील रजेवर, कधी साहेब रजेवर,
कधी बँकेला मुदत.

न्यायाधीशबाई नव्या, उन्हाळ्यात बदलून आलेल्या.
पट्टेवाल्यानं माझं नाव पुकारताना अर्धं गिळलं.
बाईंनी मान वर करून माझ्याकडे पाहिलं.
"स्वखुशीनं काढून घेताय? कुणाचा दबाव?"

मागावर चूक सापडली की
माग थांबवायचा, हातानं उलटा फिरवायचा,
आडवा धागा एकेक काढत मागं जायचं
चूक येईपर्यंत.
मग पुन्हा पुढं.
कितीही हलक्या हातानं केलं
तरी त्या जागी एक फिकी रेघ राहते.
गिऱ्हाइकाला दिसत नाही.
विणणाऱ्याचं बोट मात्र तिथंच अडतं.

बाई, तेवढी रेघ दाखवायची होती मला,
पान नऊवर.

"नाही," म्हणालो, "दबाव नाही."

पुरसिस वाचली. दाखल. निशाणी सत्तेचाळीस.
दावा निकाली.
मी मनात म्हटलं, निकाल हवा होता,
मिळाली ती एक जास्तीची वेलांटी.
पुढचं नाव पुकारलंसुद्धा.

बाहेर लिंबाखाली कारकुनानं मूळ पावती परत दिली,
जांभळा गोल शिक्का, तारीख अजून ठळक.
"फाडून टाका की आता," म्हणाला,
आणि चहाचे पैसे त्यानंच दिले.

आमच्या घरात दोन भाषा नांदतात.
मराठीत चालू म्हणजे सुरू,
तेलुगूत चालु म्हणजे पुरे.
सहा वर्षं जो तो विचारायचा, केसचं काय?
मी सांगायचो, चालू आहे.
मग एका रात्री भूदेवी,
मांडीवरच्या सुपात विड्या मोजता मोजता,
मान वर न करता तोच शब्द बोलली.
बराच वेळ मी तो मराठीतून ऐकत राहिलो.

आज दारात तिनं काही विचारलं नाही.
भाकरीवर शेंगाची चटणी, वर दही.
पावती मी शर्टाच्या खिशातून काढली,
घामानं मऊ झालेली,
मधोमध घडी पडलेली.
ती तिनं ताटाशेजारी हातानं सपाट केली,
दोनदा, तिनदा,
जसा टॉवेल पॅकिंगआधी करतात,
आणि विचारलं,
ही कुठं ठेवू?